रुक्कूबाईंच्या ओट्यावरची बाई

माझ्या आईला मी बांगड्यांवरून ओळखत असे. अम्माच्या उजव्या हातात चार काचेच्या आणि एक सोन्याची बांगडी असायची. सोन्याच्या बांगडीचा फासा सैल होता, त्यामुळे ती चालू लागली की चारदा किणकिण आणि एकदा टक् असा आवाज यायचा. अप्पा म्हणजे तपकिरीचा वास, त्यामागून हमखास येणाऱ्या दोन शिंका आणि नाकाखालची जाड मिशी. मिशीच्या टोकांना ते रोज सकाळी खोबरेल तेलाचं बोट लावत. ही दोन्ही माणसं मला जिवापलीकडे प्रिय होती. पण आवाज, वास, चाल आणि मिशी काढून घेऊन कुणी त्यांना दहाजणांत उभं केलं असतं तर माझे अप्पा कोणते हे मला सांगता आलं नसतं. चेहरा मला दिसत नसे असं नाही. नाक, डोळे, हनुवटी, गालावरचा तीळ, सगळं स्वच्छ दिसायचं. माणसानं पाठ फिरवली की ते पुसलं जायचं आणि तोच माणूस परत समोर आला की नवाच वाटायचा. डोळ्यांच्या डॉक्टरांनी दोनदा तपासलं आणि दोन्ही वेळा नजर उत्तम असल्याचं सांगून घरी पाठवलं.

मला वाटायचं, सगळ्यांचं असंच असतं. फक्त बाकीचे माझ्याहून चलाख आहेत, त्यांना माणसं पटकन ओळखू येतात. मग मीही चलाख झाले. दिसेल त्या बाईकडे बघून हसायचं, कुणी काही विचारलं की आधी 'हो' म्हणायचं आणि कुणाच्या दारात उभं राहिलं की पहिल्यांदा आपलं नाव सांगायचं, म्हणजे समोरचाही नाव घेऊन काहीतरी बोलतो आणि धागा सापडतो. एवढ्या शिदोरीवर मी शाळा पार पाडली. तरी कधीतरी घात व्हायचाच. कॉलेजात असताना मी बाजारात अम्माच्या मावसबहिणीच्या अंगावरून सरळ पुढे निघून गेले आणि तिनं त्याच संध्याकाळी घरी येऊन, "मुलीला फार तिमिर जालंय हो तुमच्या," असं सुनावलं. तिमिर म्हणजे आमच्याकडे तमिळमध्ये माज. तो शब्द मला इतक्या वेळा चिकटला की शेवटी मी तो अंगावर घेऊन मिरवू लागले. मान ताठ ठेवून चालायचं, म्हणजे न ओळखण्याला निदान रुबाब तरी येतो.

पुढे मी पुण्यात तीस वर्षं गणित शिकवलं. वर्गात कुणी बाक बदलायचा नाही हा माझा नियम होता. मुलांना वाटे, बाई शिस्तीच्या फार कडक. एकदा दोन पोरींनी गंमत म्हणून जागा बदलल्या आणि मी एकीचे गुण दुसरीला वाचून दाखवले तेव्हा त्यांनाच घाम फुटला. आता निवृत्तीनंतर मी तंजावूरला परत आले आहे, आणि नातीनं घेऊन दिलेला मोबाइल माझा चेहरा पाहून उघडतो. लग्नाच्या फोटोत मी स्वतः कुठे आहे ते मला साडीवरून शोधावं लागतं आणि या एवढ्याशा यंत्राला मी अंधारातही कळते. मला त्याचा हेवा वाटत नाही. त्याला माझ्या नवऱ्याच्या डाव्या चपलेची फटफट कुठे ऐकू येते?

पण मला सांगायचं आहे ते मी एकोणीस वर्षांची असतानाच्या नवरात्राबद्दल. आमचं घर राजवाड्यामागच्या गल्लीत होतं. गल्लीत आठ-दहा मराठी घरं, बाकीची तमिळ. सकाळी साडेपाचला दूधवाल्याच्या सायकलची घंटा, मग दारोदारी सडा घातल्याचा सपकारा, मग अम्मा कॉफीच्या गाळणीवर चमच्यानं टकटक करायची तो आवाज. भाद्रपद संपत आला की माळ्यावरच्या पेट्या खाली उतरत आणि नवरात्राच्या आदल्या दिवशी कोलू मांडला जाई. तांदळाचे डबे, ट्रंका आणि फळ्या रचून सात पायऱ्या करायच्या, त्यावर अप्पांचा कोरा पंचा अंथरायचा आणि त्यावर बाहुल्या: सगळ्यांत वर लाकडाची राजाराणीची जोडी, मग देव, दशावतार, खालच्या पायरीवर वाण्याचं दुकान मांडून बसलेला गलेलठ्ठ शेट्टी आणि त्याची बायको. जुन्या लुगड्यांत गुंडाळलेल्या बाहुल्या मी सोडवायच्या आधी नुसत्या हातात तोलून सांगत असे, हा वामन, ही मीनाक्षी. कोलूवरची मंडळी मला फार आवडत. ती आपली जागा सोडत नाहीत. खालच्या कोपऱ्यात आमच्या गावची मान डोलावणारी बाहुली असायची, गल्लीतल्या बायका मला बघून म्हणत, "सरोजा हिच्यावर गेलीय, येणाऱ्या-जाणाऱ्या सगळ्यांना सारखीच मान डोलाविते." हे त्या चेष्टेनं म्हणत आणि ते शंभर टक्के खरं होतं.

नऊ दिवस संध्याकाळी बायका कोलू पाहायला येत. एखादी गाणं म्हणे, मग कुंकू, विडा, नारळ, हळकुंड असं तांबूल आणि पानाच्या द्रोणात चुंडल मिळे. रोज वेगळं कडधान्य उकडायचं, त्यावर मोहरी, मिरची आणि ओल्या खोबऱ्याची फोडणी. पण ही माणसं आपोआप येत नसत, त्यांना बोलवावं लागे. घरच्या मुलीनं चांदीचा कुंकवाचा करंडा घेऊन घरोघर जायचं, बाईला कुंकू लावायचं आणि म्हणायचं, "आमच्या घरी कोलू मांडलाय, तांबूल घ्यायला या." एकदा घरच्या मुलीनं कुंकू लावून बोलावलं की ते बोलावणं कुणाला मागे घेता येत नसे. ती बाई दारात आली की तिला तांबूल दिल्याशिवाय परत पाठवायचं नाही, मग ती कुणीही असो. ते काम दरवर्षी माझंच होतं आणि मी ते चोख करायची, कारण बायका आपापल्या ओट्यावर सापडत. निळं दार म्हणजे पट्टू मामी, दाराशी सायकल म्हणजे पोस्टमास्तरांच्या बाई, कोपऱ्यावरच्या घराचा लाल ओटा म्हणजे रुक्कूबाई. दार हाच माझ्यासाठी चेहरा होता.

त्या वर्षी शुक्रवारचं बोलावणं विशेष होतं. कुंभकोणमच्या एका मराठी घरातून मला मागणी आली होती आणि मुलाची आई कोलू पाहायच्या निमित्तानं मला पाहायला येणार होती. अम्मानं दोन दिवस आधीच मला गल्लीत पिटाळलं. निम्मी घरं झाल्यावर मी रुक्कूबाईंच्या लाल ओट्यापाशी आले. खांबाला टेकून नऊवारी नेसलेली, पन्नाशीची, दोन्ही नाकपुड्यांत हिऱ्याच्या चमक्या घातलेली बाई बसली होती. रुक्कूबाई अशाच दिसत. मी माझ्या रिवाजाप्रमाणे आधी म्हटलं, "मी राघवेंद्ररावांची सरोजा," आणि करंडा उघडून तिच्या कपाळाला कुंकू लावलं. "शुक्रवारी संध्याकाळी तांबूल घ्यायला या."

ती बाई माझ्याकडे बघतच राहिली. मग अगदी हळू म्हणाली, "मला? मला बोलाविलें?"

"हो तर."

"अप्पानं सांगून धाडिलें तुला?"

आवाज ओळखीचा होता. तिथेच मी फसले. आवाज आपल्या माणसाचा आहे एवढं मला नक्की कळलं, म्हणून मी जास्तच मोकळेपणानं हसले आणि सवयीनं हो म्हटलं. "हो, अम्मानं, अप्पानं, दोघांनीही सांगितलंय. नक्की या." तिनं माझा हात धरला. तिची बोटं थरथरत होती. रुक्कूबाईंना संधिवात आहे हे मला माहीत होतं, त्यामुळे मी त्याचा फार विचार केला नाही आणि पुढच्या घराकडे वळले.

ती रुक्कूबाई नव्हती. ती माझी सख्खी आत्या होती, अप्पांची थोरली बहीण, गोदा आत्या. तिरुवैयारूहून एका कामासाठी गावात आली होती आणि रुक्कूबाई तिच्या नात्यातल्या असल्यामुळे घटकाभर त्यांच्या ओट्यावर टेकली होती. रुक्कूबाई आत कॉफी करत होत्या. आणि आमच्या अप्पांनी गोदा आत्याशी बोलणं टाकून तेव्हा सात वर्षं झाली होती.

भांडणाचं कारण घरात सगळ्यांना पाठ होतं. आजोबा गेले त्याच्या तेराव्या दिवशी आत्या शेतातली वांगी आणि कच्ची केळी टोपलीत भरून जेवणाच्या स्वयंपाकासाठी घेऊन आली. अंगणात आचारी, वाढपी, भटजी आणि भाऊबंद, सगळे उघड्या अंगानं, पंचे नेसून वावरत होते. भाऊबंदांबरोबर अप्पांनीही मरणाचं क्षौर केलं होतं. डोकं गुळगुळीत, मिशी काढलेली. आत्या सरळ त्यांच्यापाशी आली, टोपली त्यांच्या हातात दिली आणि चारचौघांसमोर म्हणाली, "ही आत नेऊन ठेव, आणि कापायला सांग. रघू कोठें आहे?" अप्पांचा गळा तेरा दिवस मंत्र म्हणून बसला होता, आणि बोलता आलं असतं तरी ते बोलले नसते. त्यांनी टोपली तिथेच जमिनीवर ठेवली आणि आत निघून गेले. आत्याचं सासर वीस एकरांचं, आणि अप्पा मोजणी खात्यातले कारकून. धन्याच्या बायकोनं गड्याला सांगावं तसं बहिणीनं आपल्याला सांगितलं, तेही बापाच्या तेराव्याला, हे त्यांच्या मनातून जाईना. वर्षातून तीन-चार लग्नांत आत्या दिसे. अम्मा कोपरानं मला खुणावे, अप्पा मान फिरवत आणि मी कुठल्या साडीपासून लांब राहायचं ते लक्षात ठेवी.

शुक्रवारी गुळाच्या पाकातलं, तांदळाच्या पिठाचं मोकळं पुट्टु केलं होतं, घरभर वेलदोड्याचा वास होता. मला मोरपंखी रेशमी साडी, केसांत गजरा. कुंभकोणमच्या बाई चटईवर मधोमध बसल्या होत्या. त्यांना ओळखायची सोय मी आधीच करून ठेवली होती: जांभळा काठ, मोत्याच्या कुड्या. मी त्यांच्यासमोर दोन गाणी म्हटली, त्यांना आवडली. अप्पा दारालगतच्या खुर्चीवर नव्या पंच्यात बसून दोन शिंकांच्या मधल्या वेळात समाधानानं मिशीवरून बोट फिरवत होते. तेवढ्यात उंबऱ्याशी हिरव्या नऊवारीतली एक बाई येऊन उभी राहिली. हातात कापडी पिशवी, पिशवीतून वांग्यांचे देठ वर आलेले. अम्माच्या बांगड्या थांबल्या. मला तो थांबलेला आवाज अजून आठवतो, कारण काहीतरी भयंकर झालंय हे मला तेवढ्यावरून कळलं. काय झालंय ते मात्र त्या खोलीत फक्त मलाच कळलेलं नव्हतं.

"हिला कोणी बोलाविलें?" अप्पा खुर्चीतून उठले.

"तूंच बोलाविलेंस, रघू," ती बाई म्हणाली. "सरोजानं कुंकू लाविलें मला. अप्पानं सांगितलंय म्हणाली."

हा आवाज मी दोन दिवसांपूर्वी ऐकला होता. लाल ओटा, थरथरती बोटं, सगळं जुळलं. अप्पा माझ्याकडे वळले. "तूं बोलाविलीस? माझं नाव सांगून?"

त्या वेळी माझ्यासमोर एक फार सुंदर खोटं तयार होतं. 'हो अप्पा, तुम्ही भावंडं पुन्हा एक व्हावीत म्हणून मीच बोलावलं.' एवढं म्हटलं असतं तर चटईवरच्या बायकांनी डोळ्यांना पदर लावले असते आणि कुंभकोणमच्या बाईंनी तिथेच सुपारी फोडली असती. ते वाक्य माझ्या जिभेवर आलं होतं. पण आत्या माझ्याकडे ज्या आशेनं बघत होती ती आशा अप्पांनी धाडलेल्या निरोपाची होती, आणि असा निरोप कुणी धाडलाच नव्हता. मी आधीच एक 'हो' म्हणून तिला एवढ्या माणसांत उघडं पाडलं होतं. दुसरं खोटं मला बोलवेना. शिवाय खरं सांगायचं तर मला कंटाळाही आला होता. एकोणीस वर्षं मी सगळ्यांकडे बघून हसत आले होते.

"मी ओळखलंच नाही," मी म्हटलं. "रुक्कूबाईंच्या ओट्यावर बसली होती म्हणून रुक्कूबाईच वाटली."

"सख्ख्या आत्याला ओळखिलें नाही?" हा प्रश्न जांभळ्या काठाकडून आला.

"मी कुणालाच चेहऱ्यावरून ओळखत नाही. तुम्ही उद्या दुसरी साडी नेसून आलात तर तुम्हालाही ओळखणार नाही. अम्माला बांगड्यांवरून ओळखते. अप्पांना शिंकेवरून नि मिशीवरून." कुणीतरी फिसकन हसलं. मी थांबले नाही. "गंमत नाही करत. अप्पांनी मिशी काढली आणि गप्प बसले तर हे कोण गृहस्थ आमच्या घरात बसलेत असंच मला वाटेल."

चटईवरच्या बायकांतून रुक्कूबाई म्हणाल्या, "गोदा माझ्याच ओट्यावर होती खरी, मी आंत कॉफी काढीत होतें." गोदा आत्या उंबऱ्यावरच खाली बसली. पिशवी कलंडून दोन वांगी बाहेर आली. ती माझ्याकडे बघत होती, मग अप्पांकडे, पुन्हा माझ्याकडे.

"तुलाही गे?" ती म्हणाली.

मला आधी अर्थच लागला नाही.

"तुलाही असंच होतें?" तिनं पुन्हा विचारलं, आणि मग ती अप्पांना म्हणाली, "रघू, त्या दिवशी तुझी मिशी नव्हती रे."

आत्या बोलत राहिली. तिला लहानपणापासून असं होतं. नवऱ्याला ती खोकल्यावरून ओळखे, मुलांना केसांच्या भोवऱ्यावरून. त्या दिवशी अंगणात दहा मुंडन केलेली डोकी होती आणि भाऊ तोंडातून शब्द काढीना. टोपली कुणाच्या हातात दिली ते तिला रात्री जाऊबाईंनी सांगितलं तेव्हा कळलं.

"मग सात वर्षं सांगितलं कां नाहीस?" अम्मानं विचारलं.

"काय सांगूं? पाठचा भाऊ समोर उभा होता नि मला कळला नाही म्हणून? वेडी म्हणून घरांत बसविली असती मला. त्यापरीस माजोरी म्हटलेली बरी."

हे ऐकून मला रडू फुटलं. दुःखाचं नव्हतं ते. या जगात माझ्यासारखं आणखी एक माणूस आहे आणि ते माझ्याच घरातलं आहे, हे मला त्या क्षणापर्यंत माहीत नव्हतं. आता या गोष्टीला शास्त्रात नाव आहे आणि ती घराण्यात उतरते हे मी वाचलं आहे, पण त्या संध्याकाळी आमच्याजवळ फक्त एकमेकींचा शब्द होता. अम्मानं डोळे पुसले, आत्याला कुंकू लावलं आणि तांबूल दिलं. अप्पा आतल्या खोलीत गेले आणि त्यांनी दार लावून घेतलं. आत्या साडेसहाच्या बसनं परत गेली. वांगी तिनं पिशवीत भरून परत नेली, कारण ती घ्या असं म्हणणारा माणूस दाराआड होता. कुंभकोणमहून चार दिवसांनी पत्रिका जुळत नसल्याचं पत्र आलं. अम्मा दोन दिवस जेवली नाही. मी मात्र पुट्टु पोटभर खाल्लं. मला बरं वाटत होतं, आणि ते मी लपवलंही नाही.

अप्पांचा विश्वास बसला नव्हता. मोजणी खात्यातला माणूस. जागेवर जाऊन साखळी टाकून मोजल्याशिवाय कशावरही सही करायची नाही हा त्यांचा स्वभाव. त्यांनी माझ्यापासून सुरुवात केली. शनिवारी सकाळी ते दाराआड उभे राहून ओरडले, "माझ्या नाकावर खूण कोणत्या बाजूस आहे, सांग!" मला माहीत नव्हतं. त्यांनी घराजवळच्या वाण्याच्या दुकानातल्या माणसाला घरी बोलावून माझ्यापुढे उभं केलं आणि हा कोण ते विचारलं. मी म्हटलं, "पट्टू मामींचा जावई असेल." त्यावर ते बराच वेळ मिशीवर बोट ठेवून बसले.

दसरा झाला, बाहुल्या आडव्या निजवल्या, दुसऱ्या दिवशी त्या पेटीत भरायला घेतल्या. मी वामनाला लुगड्यात गुंडाळत होते तेवढ्यात मागच्या अंगणातून अम्माची किंकाळी आली. मी धावले. अंगणात एक परका मनुष्य हातात वस्तरा आणि आरसा घेऊन उभा होता आणि अम्मा कपाळाला हात लावून ओरडत होती, "बापही नाही, आईही नाही, आतां कुणासाठी काढिलींत हो?" आमच्यात मिशी उतरते ती मरणातच. घरात कुणी गेलेलं नसताना ती काढणं म्हणजे अम्माच्या दृष्टीनं कुणाला तरी बोलावणंच होतं. परका मनुष्य शिंकला, दोनदा. मग मला कळलं.

"चल," अप्पा मला म्हणाले. "तिरुवैयारूला जायचं. तिथं तूं एक शब्द बोलायचा नाहीस." तपकिरीची डबी त्यांनी कोनाड्यात ठेवून दिली. अंगाला साबण लावून दोनदा आंघोळ केली आणि एरवी कधी घालत नसत तसला चौकड्यांचा शर्ट घातला. परीक्षेत फट राहू द्यायची नाही, असा त्यांचा बेत होता. बसमध्ये ते खिडकीशी बसले आणि एकामागून एक नद्यांचे पूल येत गेले तसे ते ओठावरून हात फिरवत राहिले. तिथे काही सापडत नव्हतं. मला त्यांची दया येत होती आणि भीतीही वाटत होती. आत्यानं कशानं तरी त्यांना ओळखलं असतं, चालीवरून, उभं राहण्याच्या लकबीवरून, तर ती खोटी ठरली असती आणि तिच्याबरोबर मीही. आणि तिनं नाही ओळखलं तर आपल्या सख्ख्या बहिणीच्या डोळ्यांत आपण कुणीच नाही, हे अप्पांना समोरासमोर बघावं लागणार होतं.

आत्याचं घर कावेरीच्या कालव्याला लागून होतं. परसात वांग्यांचे वाफे होते. आम्ही ओट्यापाशी जाऊन उभे राहिलो. परसातून साध्या सुती लुगड्यातली एक बाई टोपली कडेवर घेऊन आली. हीच आत्या असं मी मानलं, कारण दार तिचं होतं. तिनं आम्हा दोघांकडे पाहिलं. आधी त्यांच्याकडे, मग माझ्याकडे. मग डोक्यावरून पदर घेतला आणि अदबीनं हसली. ते हसू मी लगेच ओळखलं. ते माझंच होतं.

"या. कोण पाहिजे आपल्याला?" ती म्हणाली. "घरचे शेतावर गेलेत. आपण बसावें, मी पाणी आणितें."

अप्पा बोलले नाहीत. ती थांबली. हसू तसंच होतं, पण डोळे आमच्या कपड्यांवरून, पायांवरून, हातांवरून फिरू लागले, काहीतरी सापडावं म्हणून. तसं शोधणं म्हणजे काय असतं ते मला आतून माहीत होतं. ती घाबरली होती आणि घाबरलेलं दिसू देत नव्हती. मी अप्पांकडे पाहिलं. ज्या बहिणीनं त्यांना कडेवर घेऊन वाढवलं ती त्यांना 'आपण' म्हणत होती, आणि ते ते ऐकत उभे होते. त्यांच्या उघड्या वरच्या ओठाला घाम आला होता आणि तो ओठ लहान मुलाचा हलावा तसा हलत होता.

"अक्का," ते म्हणाले. "मी रघू."

टोपली तिच्या कडेवरून घसरली. तिनं ती गुडघ्यावर सावरली. ती पुढे आली, तिनं हात वर केला आणि अप्पांच्या नाकाखाली बोटं ठेवली. मिशी असायची तिथे. तिचा चेहरा पांढराफटक पडला, एवढं मला दिसलं.

"कोण गेलें रे? रघू, कोण गेलें?"

"कोणी नाही गेलें, अक्का," अप्पा म्हणाले. "मीच आलोंय."

ती ओक्साबोक्शी रडली आणि अप्पाही रडले. मला बोलायची बंदी होती, ती मी मोडली. "आत्या, मी सरोजा," मी म्हटलं, आणि तिनं दुसऱ्या हातानं मला जवळ ओढलं. मग केव्हातरी तिनं लुगड्याच्या पदरानं तोंड पुसलं, टोपली उचलली आणि अप्पांच्या हातात दिली.

"ही आंत नेऊन ठेव," ती म्हणाली. "आणि कापायला सांग."

अप्पांनी टोपली घेतली, उंबऱ्यापाशी चपला काढल्या आणि ते स्वयंपाकघराकडे गेले.